ललिता पवार: मूकपटापासून दूरदर्शनच्या मंथरेपर्यंत – वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ललिता पवार हे त्यांचं खरं नाव का? जन्म कुठला?

मूळ नाव अंबा लक्ष्मणराव सगुण. जन्म १८ एप्रिल १९१६, नाशिक जिल्ह्यातलं येवला. निधन २४ फेब्रुवारी १९९८, पुण्यात औंधला. पडद्यावर ‘ललिता’ आणि लग्नानंतर ‘पवार’, हेच नाव शेवटपर्यंत राहिलं.

एक वाक्य जिथे तिथे उतरवलेलं दिसतं: ‘वयाच्या नवव्या वर्षी, १९२८ साली, राजा हरिश्चंद्र मूकपटातून पदार्पण.’ १९१६ मध्ये नऊ मिळवले की १९२५ येतं, १९२८ नव्हे. १९२८ साली बाई बारा वर्षांच्या होत्या. वय आणि साल असे दोन्ही आकडे एका वाक्यात घालू नका. लिहायचंच असेल तर ‘१९२८ च्या सुमारास बालकलाकार म्हणून’ एवढं पुरे.

त्या कधी नायिका होत्या का? आम्ही तर सासूच पाहिली.

होत्या, आणि चांगल्या चालणाऱ्या नायिका होत्या. १९३२ चा ‘कैलाश’ हा मूकपट त्यांनी सहनिर्माती म्हणून काढला, तेव्हा वय सोळा. बोलपट सुरू होऊन वर्ष उलटलं होतं आणि मूकपटांतल्या पुष्कळ नट्यांचं दुकान तिथेच बंद झालं, कारण आता गायला आणि बोलायला यायला हवं होतं. ललिताबाईंना गाता येत होतं. १९३५ च्या ‘हिम्मत-ए-मर्दा’त त्या गायल्या आणि मारामारीही केली. १९३७ चा ‘दुनिया क्या है’ टॉलस्टॉयच्या ‘रिझरेक्शन’ कादंबरीवर बेतलेला होता. त्याच्या निर्मितीतही त्यांचा हात होता. मराठीत भालजी पेंढारकरांचा ‘नेताजी पालकर’ आणि वि. स. खांडेकरांच्या कथेवरचा मास्टर विनायकांचा ‘अमृत’ (१९४१) याच काळातले.

म्हणजे कॅमेऱ्यासमोर, कॅमेऱ्यामागे, मूक, बोलपट, हिंदी, मराठी, पौराणिक, स्टंट असं सगळं पंचविशीच्या आत करून झालं होतं. पुढच्या कामाचा पाया हा आहे आणि तो सहसा सांगितला जात नाही.

ज्या थप्पडेने त्यांचा डोळा बारीक झाला, ती नेमकी काय होती?

१९४२, ‘जंग-ए-आझादी’चं चित्रीकरण. प्रसंगात भगवान (पुढे भगवानदादा म्हणून ओळखले गेले ते भगवान पालव) यांनी ललिताबाईंना थोबाडीत मारायची होती. ती प्रत्यक्षात जोरात बसली. चेहऱ्याला अर्धांगवायूसारखा त्रास झाला, डाव्या डोळ्याची शीर फुटली, उपचार लांबले आणि डावा डोळा कायमचा बारीक राहिला.

यात दोन गोष्टी तपासून घ्याव्यात. ‘भगवान नवखे होते म्हणून अंदाज चुकला’ असं लिहिलं जातं. पण १९३८ च्या ‘बहादूर किसान’चं सहदिग्दर्शन भगवान यांनी केलेलं होतं, तेव्हा नवखे हा शब्द चालत नाही. दुसरं, ‘तीन वर्षं उपचार’ हा आकडा लिहिताना ‘प्रभात’चा ‘रामशास्त्री’ १९४४ साली पडद्यावर आला आणि त्यात आनंदीबाई ललिता पवारच होत्या, हे लक्षात असू द्या. उपचार चालू असताना काम सुरू झालं असणं शक्य आहे. तीन वर्षं घरी बसल्या, हे मात्र शक्य नाही.

पडद्यावरची थप्पड खोटी असते ना? मग लागली कशी?

खोटी मारायची पद्धत अशी: कॅमेरा मार खाणाऱ्याच्या किंवा मारणाऱ्याच्या पाठीशी ठेवायचा, म्हणजे हात आणि गाल यांच्यातलं अंतर दिसत नाही. हात गालापासून वीतभर लांबून जातो. मार खाणारा नेमक्या क्षणी मान झटकतो. ‘फटाक्’ हा आवाज मागाहून भरतात. यातली एक गोष्ट बिघडली तरी घोटाळा होतो. मान वेळेआधी वळली तर प्रसंग हास्यास्पद दिसतो, हात जवळून गेला तर लागतं. कॅमेरा बाजूला असेल तर अंतर उघडं पडतं, आणि मग दिग्दर्शक ‘खरीच मारा, हलकी’ म्हणतो. ही ‘हलकी’ सर्वांत धोक्याची, कारण गालाऐवजी तळवा कानशिलावर किंवा डोळ्याच्या कडेला बसतो.

म्हणजे त्या अपघातामुळेच त्या खलनायिका झाल्या?

गोष्ट म्हणून हे ऐकायला बरं वाटतं, पण आमच्या मते निम्मंच खरं आहे. नायिकेची कामं अपघातामुळे सुटली, हे बरोबर. पण नायिकेची कामं सुटलेल्या नट्या त्या काळी डझनावारी होत्या आणि त्यातल्या बहुतेक दोन-चार चित्रपटांत दिसेनाशा झाल्या. बारीक डोळा कुणाला पुढची चाळीस वर्षं काम देत नाही.

आनंदीबाईचंच घ्या. ‘ध चा मा’ करणारी बाई म्हणून मराठी प्रेक्षकाला ती आधीच माहीत होती. तिथे नुसतं डोळे वटारून भागलं नसतं, कारण राघोबाला पटवणारी, राजकारण कळणारी बाई उभी करायची होती. पंधरा वर्षांचा सेटवरचा सराव इथे कामी आला. डोळ्याचा उपयोग त्यांनी नंतर हत्यारासारखा केला, हे खरं. मान किंचित डावीकडे कलती ठेवून बोलायचं आणि वाक्याच्या शेवटी डोळा आणखी बारीक करायचा, ही त्यांची खास लकब. पण ती कुठे वापरायची नाही हेही त्यांना ठाऊक होतं, आणि ते बघायचं असेल तर पुढचं उत्तर वाचा.

त्यांचे चित्रपट कुठल्या क्रमाने बघावेत?

सालवारीने बघू नका, कंटाळाल. जोड्या लावून बघा.

पहिली जोडी एकाच वर्षाची, १९५५. गुरुदत्तच्या ‘मिस्टर अँड मिसेस ५५’मध्ये त्या सीतादेवी आहेत: मधुबालाची श्रीमंत आत्या, पुरुषांचा तिटकारा असलेली, सभा गाजवणारी. राज कपूरच्या ‘श्री ४२०’मध्ये त्याच बाई फुटपाथवर केळी विकणारी गंगामाई. राजू (राज कपूर) केळ्यांच्या भावावरून उलटी घासाघीस करतो तो प्रसंग आणि सीतादेवीचा एखादा संवाद पाठोपाठ लावा. सीतादेवी बोलताना धड हलत नाही, फक्त मान फिरते, वाक्यं पूर्ण आणि तोलून. गंगामाईचं सगळं अंग बोलतं, हसू आधी येतं आणि शब्द मागून. डोळा तोच आहे. इथे तो मिश्कील दिसतो.

दुसरी जोडी १९५९ ची. बिमल रॉय यांच्या ‘सुजाता’त त्या जात-पात मानणाऱ्या बुआजी आहेत. ही खलनायिका नाही. आपण योग्यच वागतो आहोत याची तिला पक्की खात्री आहे, म्हणून ती जास्त बोचते. जाता जाता: त्या घरातल्या चारही महत्त्वाच्या बायका, नूतन, सुलोचना, शशिकला आणि ललिता पवार, मराठी नट्यांनी उभ्या केल्या आहेत. त्याच वर्षीच्या हृषिकेश मुखर्जींच्या ‘अनाडी’त त्या मिसेस डिसा झाल्या. भाडेकरूवर ओरडणारी आणि त्याच्यावरच जीव लावणारी ख्रिस्ती घरमालकीण. सदोष औषधाने तिचा मृत्यू होतो आणि आळ राज कपूरवर येतो. चित्रपटाचा दुसरा भाग उभा राहतो तो प्रेक्षकाला ही बाई आवडली असेल तरच. या भूमिकेला सहायक अभिनेत्रीचं फिल्मफेअर पारितोषिक मिळालं.

तिसरी जोडी आमची सर्वांत आवडती. ‘मिस्टर अँड मिसेस ५५’ची सीतादेवी पुन्हा घ्या आणि तिच्यासमोर लेख टंडन यांचा ‘प्रोफेसर’ (१९६२) ठेवा. इथेही त्या सीतादेवीच! नायकाचं नावही दोन्हीकडे प्रीतम. घरात शिकवणीला येणारा पन्नाशीपुढचाच हवा अशी अट घालणारी ही कडक बाई, म्हातारा बनून आलेल्या शम्मी कपूरच्या प्रेमात पडते आणि नटूथटू लागते. हा प्रसंग सहज ओंगळ झाला असता. ललिताबाई तो हसवतात, आणि प्रेक्षक तिला हसतोय असं वाटू लागल्याबरोबर चेहऱ्यावर अशी काही लाज आणतात की आपल्यालाच ओशाळायला होतं. एकच चित्रपट बघायला वेळ असेल तर हा बघा.

१९६१ साली त्यांचे इतके चित्रपट कसे काय?

त्या एका वर्षात ‘जंगली’ (शम्मी कपूरची शिस्तखोर आई), ‘हम दोनो’, मद्रासच्या जेमिनी स्टुडिओचा ‘घराना’, बाबूभाई मिस्त्रींचा ‘संपूर्ण रामायण’ असे मोठे चित्रपट आले. चरित्र अभिनेत्यांच्या कामाची रीतच अशी असते. नायकाच्या तारखा आधी ठरतात, बाकीच्यांच्या त्याभोवती बसवतात. आईचे किंवा सासूचे प्रसंग बहुधा एकाच घराच्या सेटवर असतात, त्यामुळे सेट लागला की काही दिवसांत तिचं पुष्कळसं काम आटोपतं. एका चित्रपटाला कमी दिवस लागतात म्हणून वर्षात जास्त चित्रपट मावतात.

अडचण कंटिन्युइटीची. सहा महिन्यांपूर्वी अर्धा राहिलेला प्रसंग पुन्हा सुरू होतो तेव्हा कुंकवाचा आकार, पदराची चुणी, आवाजाची पट्टी, सगळं तेच लागतं. साडी-दागिन्यांच्या नोंदी सहायक ठेवतो. आवाज आणि चाल मात्र नटीनेच लक्षात ठेवायची असते.

आई म्हणून शोभत होत्या, पण त्यांचं खरं वय किती होतं?

हिशेब मांडून बघा. ‘दाग’ (१९५२) मध्ये त्या दिलीपकुमारची आई. तो १९२२ चा, त्या १९१६ च्या, सहा वर्षांचा फरक. ‘हम दोनो’चा देव आनंद १९२३ चा, म्हणजे सात वर्षांचा. ‘जंगली’च्या शम्मी कपूरशी पंधरा वर्षांचा फरक आहे, तो त्यातल्या त्यात बरा. पस्तिशी-चाळिशीत साठीची बाई वठवायची तर पांढरा विग पुरत नाही. त्यांच्या उठण्या-बसण्याकडे बघा: आधी हात टेकतो, मग वजन जातं.

ख्रिस्ती बायकांच्या भूमिका त्यांना वारंवार का मिळाल्या?

मिसेस डिसा चालली म्हणून. हृषिकेश मुखर्जींनी ‘आनंद’ (१९७१) मध्ये त्यांना नर्सिंग होमच्या मेट्रनचं काम दिलं आणि आडनाव पुन्हा डिसाच ठेवलं. ‘नसीब’ (१९८१) मध्ये त्या मिसेस गोम्स आहेत. ‘आनंद’मधलं काम लहान आहे, पण रमेश देव, सीमा आणि ललिता पवार एकाच नर्सिंग होमच्या गोतावळ्यात बघणं मराठी माणसाला वेगळंच सुख देतं.

मंथरा त्यांनी दोनदा केली का?

हो. ‘संपूर्ण रामायण’मध्ये १९६१ साली, आणि रामानंद सागर यांच्या ‘रामायण’ मालिकेत. मालिका दूरदर्शनवर २५ जानेवारी १९८७ ला सुरू झाली, म्हणजे मधे पाव शतक गेलं होतं आणि बाई सत्तरीच्या झाल्या होत्या. चित्रीकरण गुजरातच्या हद्दीतल्या उंबरगावला होत असे. कौसल्या जयश्री गडकर, दशरथ बाळ धुरी, भरत संजय जोग, मंथरा ललिता पवार अशी अयोध्येत मराठी मंडळींची दाटी होती.

दोन्ही मंथरा शेजारी ठेवल्या तर माध्यमाचा फरक दिसतो. चित्रपटात पूर्ण देहाला वाव आहे, म्हणून कुबड आणि काठी काम करतात. मालिकेत चौकट चेहऱ्यावर येते, छोट्या टीव्हीसाठी. तिथे त्या कैकेयीच्या कानाशी आवाज उतरवत नेतात. मालिका मार्च २०२० मध्ये टाळेबंदीत पुन्हा दाखवली तेव्हा नव्या पिढीला ललिता पवार पहिल्यांदा कळल्या त्या इथे.

सातशे चित्रपट हा आकडा खरा का?

जपून वापरा. सत्तर वर्षांत सातशे म्हणजे दरवर्षी दहा, तेही एकही वर्ष न चुकता. अपघाताची वर्षं आणि शेवटची मंदावलेली वर्षं धरली तर भर काळात वर्षाला पंधरा-वीस पडले पाहिजेत. अशा याद्या फुगतात त्या ठरावीक ठिकाणी: मराठी-हिंदी अशा दोन आवृत्त्या दोनदा मोजल्या जातात (‘रामशास्त्री’ दोन्ही भाषांत होता), डब केलेला चित्रपट नवा धरला जातो, घोषणा होऊन न निघालेला चित्रपट यादीत राहतो. ‘शेकडो चित्रपट’ म्हटलं तर कुणी हरकत घेणार नाही.

मला स्वतः यादी करायची आहे. कशी करू?

वहीत किंवा तक्त्यात सहा रकाने पाडा: साल, नाव, भाषा, दिग्दर्शक, पात्र, पुरावा. पुराव्याच्या रकान्यात तीनच शेरे ठेवा: ‘स्वतः पाहिला’, ‘श्रेयनामावलीत/पुस्तिकेत नाव’, ‘फक्त यादीत’. एकूण मोजताना तिसरा प्रकार वेगळा काढा.

चुका बहुधा नावांमुळे होतात. ‘दाग’ १९५२ चाही आहे आणि १९७३ चाही. ‘अनाडी’ १९५९ आणि १९९३. ‘परवरिश’ १९५८ आणि १९७७. ‘आँखें’ नावाचे तर चार. साल न लिहिता नाव उतरवलं की गोंधळ ठरलेला. श्रेयनामावलीत नुसतं ‘ललिता’ असेल तर ती दुसरीही कुणी असू शकते. चेहरा पाहिल्याशिवाय नोंद पक्की धरू नका. लीला चिटणीस आणि लीला मिश्रा यांची कामं ललिताबाईंच्या नावावर टाकलेलीही आढळतात, विशेषतः ‘हम दोनो’सारख्या, आईच्या दोन भूमिका असलेल्या चित्रपटांत.

मूकपट बघायला मिळतील का?

आशा फार ठेवू नका. त्या काळी वापरात असलेली नायट्रेट फिल्म लवकर सडते आणि पेट घेते, शिवाय जुनी रिळं चांदीसाठी गाळली गेली. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ साली निघालं, तोवर बरंच काही गेलं होतं. जानेवारी २००३ च्या पुण्यातल्या आगीत उरलेल्या नायट्रेट रिळांतली पुष्कळ जळाली. संग्रहालय २०२२ पासून राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात (एनएफडीसी) विलीन झालं आहे. अभ्यासासाठी जायचं तर आधी पत्र लिहून नेमका चित्रपट, साल आणि कारण कळवा. पोस्टर, पुस्तिका, छायाचित्रं यांची चौकशी वेगळी करा, कारण चित्रपट नसला तरी कागद असू शकतो.

ऑनलाइन प्रत बघताना काय सांभाळावं?

तीन गोष्टी. पहिली, चौकट. जुन्या चित्रपटांची चौकट जवळजवळ चौकोनी, १.३७ : १. ती १६ : ९ पडद्यावर भरवण्यासाठी वरून-खालून कापली तर जवळपास २३ टक्के चित्र जातं. ललिताबाईंच्या बाबतीत नेमके हात जातात. दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या असलेली प्रत घ्या. दुसरी, वेग. टीव्हीसाठी २४ ऐवजी सेकंदाला २५ चौकटींनी चालवलेली प्रत चार टक्के लवकर संपते, १५० मिनिटांचा चित्रपट १४४ मिनिटांत. आवाजही किंचित चढतो आणि त्यांचा खर्ज पातळ लागतो. तिसरी, रंग. ‘हम दोनो’ मूळ कृष्णधवल आहे; रंगीत आवृत्ती २०११ ची.

छायाचित्र खरं आणि त्यांचंच आहे हे कसं ओळखावं?

बारीक डोळा त्यांचा डावा, म्हणजे समोरून बघताना आपल्या उजव्या हाताला दिसला पाहिजे. उलट बाजूला दिसला तर चित्र आरशासारखं उलटं छापलं आहे. दोन्ही डोळे सारखे असतील तर छायाचित्र १९४२ च्या आधीचं असण्याची शक्यता मोठी. पदरावरून खात्री करायची तर तो डाव्या खांद्यावर हवा. मात्र गुजराती पद्धतीच्या साडीत तो उजवीकडून पुढे येतो, तेव्हा एकट्या पदरावर विसंबू नका.

अभिनयाच्या विद्यार्थ्याने काय करावं?

‘प्रोफेसर’ किंवा ‘कोहरा’ (१९६४, दाईमाँ) मधला तीन मिनिटांचा प्रसंग निवडा. आधी आवाज बंद करून दोनदा बघा आणि त्या कुठे बघतात तेवढंच टिपा. मग पडदा झाकून फक्त ऐका, श्वास कुठे घेतला ते टिपा. दोन्ही टिपणं जुळवली की दिसतं: महत्त्वाच्या शब्दाआधी त्या नजर हलवत नाहीत, शब्द संपल्यावर हलवतात. नवखे नेमकं उलटं करतात. डोळा बारीक करण्याची नक्कल अजिबात करू नका, नाहीतर मिमिक्री होते.

पुरस्कार कुठले?

‘अनाडी’साठी फिल्मफेअर (१९६०) आणि संगीत नाटक अकादमी पुरस्कार (१९६१). कामाच्या मानाने फारच थोडे.

आमच्या मंडळाला त्यांचा चित्रपट जाहीरपणे दाखवायचा आहे. परवानगी लागते का?

१९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार चित्रपटाचा हक्क प्रदर्शनाच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं चालतो. त्यामुळे १९५९ च्या चित्रपटाचा हक्क २०१९ अखेर संपला, १९६२ च्या ‘प्रोफेसर’चा २०२२ अखेर. पण गीत आणि संगीत यांचे हक्क वेगळे मोजतात, रचणाऱ्याच्या निधनानंतर ६० वर्षं. हसरत जयपुरींचं निधन १९९९ चं, म्हणजे ‘अनाडी’तली त्यांची गाणी अजून बरीच वर्षं संरक्षित आहेत. शिवाय कुणी नव्याने स्वच्छ केलेली प्रत वापरली तर तिच्या मालकाशी वेगळं बोलावं लागतं. म्हणून हक्कधारकाला लेखी विचारा, सेन्सॉर प्रमाणपत्राची प्रत मागून घ्या, सभागृहाच्या संगीत परवान्याची चौकशी करा. हे सगळं महिनाभर आधी सुरू करा, कारण जुन्या चित्रपटांचे हक्क दोन-तीनदा विकले गेलेले असतात आणि खरा मालक शोधण्यातच निम्मा वेळ जातो.